जिन्यानंतरचा शॉट

माझ्या डाव्या पायात कॅलिपर आहे. मांडीपासून बुटापर्यंत दोन्ही बाजूंनी धातूची पट्टी, तिला चामड्याचे पट्टे आणि गुडघ्याशी एक कडी. उभं राहून पाय सरळ केला की कडी खाली घसरते आणि गुडघा पक्का होतो; बसताना ती बोटांनी वर ओढून घ्यायची. कडी बसताना ‘टक्’ असा बारीक आवाज होतो. तो इतका अंगवळणी पडलाय की मला ऐकूच येत नाही. काही वर्षांपूर्वी एका संस्थेने माझ्यावर २२ मिनिटांचा माहितीपट केला. पेठेतल्या एका सभागृहात तो दाखवला तेव्हा दिवे मालवले, पडदा काळाच राहिला आणि स्पीकरमधून तो आवाज आला. टक्. माझ्या शेजारच्या बाई दचकल्या. मग पाय दिसले, मग बूट, मग जिना. माझा चेहरा यायला दीड मिनिट गेलं.

आवाज खोटा नव्हता, माझाच होता. शूटिंगच्या तिसऱ्या दिवशी आवाज टिपणाऱ्या मुलाने माइक गुडघ्याजवळ धरून सांगितलं होतं, ‘‘ताई, अजून एकदा उठा ना.’’ मी चार-पाच वेळा उठले, बसले. मुलगा नम्र होता. बाकीची मंडळीही चांगली होती, चहा करायला मला उठू देत नव्हती. त्यांनी एकही खोटी गोष्ट दाखवली नाही. तरी त्या चित्रपटातली बाई मला ओळखू येईना.

मी मुद्रितशोधक आहे. तीस वर्षं दुसऱ्यांच्या पुस्तकांची प्रुफं तपासते आहे. चित्रपटात माझं काम ४० सेकंद दिसतं: टेबलावर वाकलेली मी, हातात लाल पेन, मागे बासरी. पुस्तक कोणतं, मी खोडते आहे काय, याचा पत्ता नाही. शूटिंगच्या दुसऱ्या दिवशी एका स्वल्पविरामावरून लेखकाशी फोनवर माझं पंधरा मिनिटं भांडण झालं होतं. ते त्यांनी पूर्ण टिपलं होतं आणि नंतर काढून टाकलं. दिग्दर्शकाला विचारलं, तर म्हणाला, ‘‘ताई, त्याने फोकस हलतो.’’ खरंच हलला असता. त्या भांडणात मी हट्टी दिसत होते, तिखट बोलत होते, आणि शेवटी लेखकाचंच बरोबर निघालं होतं.

पडद्यावरच्या अपंग माणसांबद्दल बोलणं निघालं की चर्चा नेहमी कथापटांकडे वळते. डोळस नटाने आंधळ्याची भूमिका करावी का, चालत्या-फिरत्या माणसाने व्हीलचेअरवर बसून बक्षिसं घ्यावीत का, वगैरे. माहितीपट या चर्चेतून सुटतो, कारण त्यात माणूस खराच असतो. माझ्या मते फसगत तिथेच होते. माणूस खरा, पाय खरा, जिना खरा, आणि तरी चित्रपट खोटा होऊ शकतो. कारण माहितीपटाचं खरं-खोटं संकलनाच्या टेबलावर ठरतं. काय ठेवलं, काय टाकलं, कशाला काय जोडलं, यावर. त्या टेबलापाशी आपल्याकडे अपंग माणूस क्वचितच बसलेला असतो.

जिन्याचंच घ्या. एका शासकीय कार्यालयात मला दाखल्यासाठी जायचं होतं आणि त्यांना ते चित्रित करायचं होतं. अपंगांच्या कामाची खिडकी पहिल्या मजल्यावर, अठरा पायऱ्या, लिफ्ट नाही. मी तो जिना तीनदा चढले. एकदा कॅमेरा खाली होता, एकदा वर, आणि एकदा मधेच उजेड गेला म्हणून. तिसऱ्यांदा कठडा धरून थांबले, तेव्हा माझ्या कपाळावरचा घाम त्यांना फार आवडला. पडद्यावर त्या जिन्यानंतर टेकडीवरचा सूर्योदय येतो आणि निवेदक म्हणतो की जिद्दीपुढे पायऱ्याही नमतात.

तिथे दुसरा शॉट जोडता आला असता. त्याच मजल्यावर साहेब बसले होते. त्यांच्यापुढे कॅमेरा धरून रॅम्प कुठे आहे, लिफ्ट का नाही, एवढंच विचारायचं होतं. सार्वजनिक इमारतींत रॅम्प असावेत हे १९९५ च्या कायद्यातही होतं. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्याने तर जुन्या सार्वजनिक इमारतींनाही मुदत घातली: नियम लागू झाल्यापासून पाच वर्षं. नियम जून २०१७ मध्ये आले, मुदत जून २०२२ मध्ये संपली. आता जिना तोच, चढणारी मीच. पुढे सूर्योदय लावला की ती माझ्या मनोबलाची परीक्षा होते, पुढे साहेब लावले की तो कायद्याचा भंग होतो. पहिला शॉट दोन्हींत शंभर टक्के खरा आहे. ऑस्ट्रेलियाच्या स्टेला यंग, ज्या स्वतः व्हीलचेअर वापरत, त्यांनी २०१४ च्या सिडनीतल्या भाषणात सांगितलं होतं की जिन्याकडे बघून कितीही हसलं तरी त्याचा रॅम्प होत नाही. माझ्या चित्रपटात मी शेवटी हसते आहे. ते हसू त्यांनी मला हसायला सांगून घेतलं होतं.

शब्दांशी माझं रोजचं काम, म्हणून दोन शब्दांबद्दल लिहिते. पहिला ‘जिद्द’. अपंग माणसावर मराठीत काहीही झालं, लेख, सत्कार, माहितीपट, की हा शब्द येतोच. दुसरा ‘मात’. माझ्या चित्रपटाच्या माहितीपत्रकात ‘पोलिओवर मात’ असं ठळक छापलं होतं. मी पोलिओशी कधी लढलेच नाही. दीड वर्षाच्या पोरीने काय लढायचं? ताप आला, उतरला, पाय राहिला तसा राहिला. माझी रोजची झटापट असते ती बसच्या पहिल्या पायरीशी, फुटपाथवर आडव्या लावलेल्या दुचाकींशी, आणि ‘कशाला एवढी दगदग करता’ म्हणणाऱ्या भल्या माणसांशी. ‘मात’ म्हटलं की शत्रू माझ्या पायातच बसवला जातो. मग बसची पायरी सुटते, महापालिका सुटते, ती भली माणसंही सुटतात. ‘दिव्यांग’ या सरकारी शब्दाबद्दलही मला हेच वाटतं. पंतप्रधानांनी तो डिसेंबर २०१५ मध्ये ‘मन की बात’मधून सुचवला, आता कायद्याच्या मराठी नावातही आहे, मीही अर्जावर लिहिते. पण माझ्या अंगात दिव्य काही नाही. मी स्वतःला अपंग म्हणते आणि त्यात मला कमीपणा वाटत नाही.

आपल्याकडे आंधळा, पांगळा, मुका, बहिरा ही पात्रं जुनी आहेत. एकनाथांच्या भारुडांत ती चौघंही भेटतात. तिथे ते रूपक आहे: देवाला विसरलेल्या जिवाचं सोंग, आणि ते घेणारा धडधाकट. भारुडाला ते शोभतं. पण चारशे वर्षांनी खरी माणसं कॅमेऱ्यापुढे बसवून आपण त्यांचीही रूपकंच करत असू, फक्त अज्ञानाच्या जागी आता प्रेरणा घालत असू, तर त्या माणसांना काय सांगायचं होतं ते राहूनच जातं.

जिद्द नसतेच असं मी म्हणत नाही. मुरलीकांत पेटकरांचं नाव पुण्यात घरोघर माहीत आहे. १९६५ च्या युद्धात गोळ्या लागलेला हा जवान १९७२ मध्ये हायडेलबर्गच्या पॅरालिम्पिकमध्ये ५० मीटर पोहण्यात सुवर्णपदक जिंकतो, यापुढे मी काय बोलणार? पण त्यांना पद्मश्री मिळाली २०१८ मध्ये. मला माहितीपट करायला सांगितला तर मी पोहण्याची ती काही सेकंदं कमी दाखवीन आणि मधल्या ४६ वर्षांत शिरीन. या शहरात खडकीला क्वीन मेरीज टेक्निकल इन्स्टिट्यूट आहे, १९१७ साली पहिल्या महायुद्धातल्या जखमी सैनिकांसाठी मुंबईत सुरू झालेली आणि पुढे इथे आलेली. वानवडीला १९४४ पासूनचं कृत्रिम अवयव केंद्र आहे, खडकीलाच १९७४ पासूनचं पॅराप्लेजिक, म्हणजे कमरेखालचं अंग लुळं पडलेल्या सैनिकांसाठीचं, केंद्र आहे. म्हणजे अपंग माणसाला उभं राहायला काय काय लागतं, अवयव बनवणारे हात, पोहायचा तलाव, हाताला काम, पेन्शन, हे पुण्याला शंभर वर्षं ठाऊक आहे. ही सगळी व्यवस्था चौकटीबाहेर ठेवून एकटा माणूस आणि त्याची इच्छाशक्ती एवढंच दाखवलं, तर ज्याच्यापर्यंत व्यवस्था पोचलीच नाही, त्याची इच्छाशक्तीच कमी पडली असं ठरतं.

आता ज्या गोष्टीने माझे डोळे उघडले ती सांगते. माझे एक स्नेही कर्णबधिर आहेत, छपाईच्या धंद्यातले, म्हणून ओळख. त्यांच्यावरही एक छोटा चित्रपट झाला. ते खुणांच्या भाषेत बोलतात, आणि फार सुंदर बोलतात: भुवया, खांदे, बोटांचा वेग, सगळं मिळून वाक्य होतं. त्यांच्या वडिलांच्या शेवटच्या दिवसांबद्दल ते सांगत होते. कॅमेरामनला वाटलं, प्रसंग हळवा आहे, चेहऱ्यावर जाऊ या. गेला. पडदाभर चेहरा, डोळ्यांत पाणी, पियानो. आणि हात चौकटीच्या बाहेर. चित्रपट संपल्यावर मी दुभाष्या मुलीला विचारलं, काका काय म्हणाले? तिने त्यांच्याकडे पाहिलं, त्यांनी दोन खुणा केल्या. ती म्हणाली, ‘‘ते म्हणतायत, माझं तोंड कापलं.’’

मी यावर खूप विचार केला. आपण ऐकणारी माणसं बोलत असताना कॅमेरा खिडकीवर गेला, ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावर गेला, हातातल्या कपावर गेला, तरी शब्द ऐकू येत राहतात. माहितीपटाचं सगळं व्याकरण त्यावर उभं आहे. खुणा करणाऱ्या माणसावरून कॅमेरा हलला की त्याचं वाक्य तुटतं. म्हणजे त्या कॅमेरामनने आणि संकलकाने इतर कोणत्याही मुलाखतीत जे केलं असतं तेच केलं. त्यांच्या मनात वाईट काही नव्हतं, त्यांना ती भाषाच दिसली नाही. संकलनाच्या खोलीत खुणांची भाषा येणारं एक माणूस असतं, तर पहिल्याच कटला त्याने हात वर केला असता. मी म्हणते तो खरेपणा हा असा असतो. तो संवेदनशीलतेने येत नाही. पियानो घालणारे सगळे संवेदनशीलच होते.

आणि तो कर्णबधिरांपुरताही नाही. सेरेब्रल पाल्सी, म्हणजे मेंदूतल्या दोषामुळे स्नायूंवर नीट ताबा नसणं; ती असलेल्या माणसाचं बोलणं अनेकदा अस्पष्ट येतं, म्हणून त्याच्यावर गोड आवाजातलं निवेदन चढवतात. खाली मराठी अक्षरं देऊन त्याचाच आवाज ठेवला, तर प्रेक्षकाला दोन मिनिटांत सवय होते. अंध मुलींवरचा चित्रपट अंध मुलींनाच दाखवतात आणि पडद्यावर काय चाललंय ते सांगणारा ध्वनिवर्णनाचा ट्रॅक त्यात नसतो. माहिती व प्रसारण मंत्रालयाने मार्च २०२४ मध्ये चित्रपटगृहांसाठी सुगम्यतेची मार्गदर्शक तत्त्वं काढली, पण ती व्यावसायिक प्रदर्शनासाठीच्या कथापटांची आहेत. संस्थांच्या सभागृहांत फिरणारे माहितीपट त्यांत येत नाहीत.

तर प्रश्न त्या खोलीत कोण असतं हा आहे, आणि तो पुण्याला विचारायलाच हवा. लॉ कॉलेज रस्त्यावर, प्रभात स्टुडिओच्या आवारात, १९६० पासून देशाला संकलक आणि कॅमेरामन पुरवणारी फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूट आहे. २०१५ मध्ये पाटण्याच्या एका तरुणाची तिथल्या संकलनाच्या अभ्यासक्रमासाठी निवड झाली आणि वैद्यकीय तपासणीत रंगांधळेपणा निघाला म्हणून प्रवेश नाकारला गेला. तो सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. न्यायालयाने एप्रिल २०२२ मध्ये सांगितलं की रंगांधळेपणामुळे कोणत्याही अभ्यासक्रमाचं दार बंद करता येणार नाही. चित्रपट ही अनेकांनी मिळून करायची कला आहे, एकाची उणीव दुसरा भरून काढतो. निकाल लागायला सात वर्षं गेली. रंग थोडे वेगळे दिसणाऱ्या माणसाला संकलनाच्या खोलीत शिरायला सात वर्षं लागली असतील, तर कर्णबधिर संकलकाची, व्हीलचेअरवरच्या कॅमेरामनची गोष्ट कुठवर आलीय याचा अंदाज बांधता येतो. चित्रपट शिकवणाऱ्या प्रत्येक संस्थेने, लहान-मोठ्या, हा निकाल प्रवेशाच्या नियमांशेजारी ठेवून वाचावा असं मला मनापासून वाटतं.

जुलै २०२४ मध्ये त्याच न्यायालयाने निपुण मल्होत्रा यांच्या याचिकेवर पडद्यावरच्या अपंगांच्या चित्रणाबद्दल तत्त्वं घालून दिली. मल्होत्रा स्वतः अपंग आहेत, तक्रार एका कथापटाबद्दल होती. न्यायालयाने म्हटलं की अपंगांची टर उडवू नका आणि दुसऱ्या टोकाला जाऊन त्यांना अचाट शक्तीची माणसंही करू नका; आणि चित्रण करताना त्यांना सोबत घ्या. ‘आमच्याविषयी काहीही आमच्याशिवाय नको’ हे अपंगांच्या चळवळीचं जुनं वाक्य या निकालात आलं आहे.

‘सोबत घ्या’ म्हणजे काय, यावर चित्रपट करणाऱ्या एका तरुण मैत्रिणीशी माझा वाद झाला. ती म्हणाली, ‘‘ताई, ज्याच्यावर चित्रपट आहे त्यालाच कात्री दिली तर उद्या आमदार म्हणेल मलाही द्या. मग माहितीपट उरेल का?’’ तिचा मुद्दा खरा आहे आणि मी तो टाळणार नाही. अमेरिकेत १९६७ साली फ्रेडरिक वाइझमन यांनी ब्रिजवॉटरच्या मनोरुग्ण-कैद्यांच्या सरकारी रुग्णालयावर ‘टिटिकट फॉलीज’ हा माहितीपट केला. आतल्या माणसांना नागवं ठेवलेलं, हिणवलेलं त्यात दिसतं. मॅसॅच्युसेट्स राज्याने त्याच माणसांच्या खासगीपणाचं कारण पुढे केलं आणि सर्वसामान्य प्रेक्षकांना तो चित्रपट १९९१ पर्यंत पाहता आला नाही. संमतीचा प्रश्न तिथे खराच होता. ज्याला कॅमेरा म्हणजे काय हेच नीट उमगत नाही, त्याची संमती कोण देणार? पण त्या प्रश्नाआड रुग्णालयाचा कारभारही झाकला गेला. बौद्धिक अपंगत्व असलेल्यांवर, मनोरुग्णांवर चित्रपट करताना ‘त्यांनाच विचारा’ एवढं म्हणून भागत नाही, हे मला मान्य आहे. त्याचं तयार उत्तर माझ्याकडे नाही.

तरी आमदार आणि मी यांत फरक आहे. आमदाराचं म्हणणं मांडायला दुसरी शंभर साधनं आहेत. माझ्यावर आयुष्यात एकच चित्रपट होणार. आणि मी कात्री मागत नाही. कच्चा चित्रपट मला आधी दाखवा, माझी हरकत ऐका, मग तुमचं ठरवा. माझं ते स्वल्पविरामाचं भांडण परत घाला असं मी म्हटलं असतं, आणि माझी चूक झाली तेही राहू द्या म्हटलं असतं. चार दिवस माझं काम बंद होतं, त्या चार दिवसांची मजुरीही धरा. क्रूमधल्या प्रत्येकाला मिळाली, मला शाल मिळाली.

अपंग माणसाने स्वतः कॅमेरा धरला की काय होतं, हे रीड डेव्हनपोर्ट या अमेरिकन दिग्दर्शकाच्या ‘आय डिडन्ट सी यू देअर’ या २०२२ च्या माहितीपटावरून कळतं. त्यांनी तो मुख्यतः स्वतःच्या व्हीलचेअरवरून चित्रित केला आणि सनडान्स या तिथल्या चित्रपट महोत्सवात त्यांना दिग्दर्शनाचं पारितोषिक मिळालं. बहुतेक वेळ आपण त्यांना पाहत नाही. ते जे पाहतात ते पाहतो. कॅमेरा बसलेल्या माणसाच्या डोळ्यांच्या उंचीवर, त्यामुळे रस्ता, कडा, भिंती, वाटेत आडवी आलेली वस्तू. लोक मला पाहतात तेव्हा पायापासून पाहतात. मी लोकांना कुठून पाहते, ते माझ्या २२ मिनिटांत एकदाही आलं नाही.

त्या प्रदर्शनाच्या दिवशी आणखी एक झालं होतं. सभागृहाला बाहेर नऊ पायऱ्या होत्या. मी कठडा शोधत होते, कठडा नव्हता. दोन कार्यकर्ते खुर्ची घेऊन आले, ‘‘ताई, उचलून नेतो, संकोच करू नका.’’ मी नको म्हटलं. तेवढ्यात फोटोग्राफर पुढे आला. मला खुर्चीत बसवून वर नेलं, आणि तो फोटो दुसऱ्या दिवशी सगळीकडे गेला.

आता गेल्या महिन्यात चित्रपट शिकणारा एक मुलगा आला होता. तेवीस-चोवीस वर्षांचा, मराठवाड्यातला. माझ्या कामावर चित्रपट करायचाय म्हणाला: प्रूफ वाचणं हा धंदा संपत चाललाय, तो टिपायचाय. पायाचं काही बोलला नाही. मी म्हटलं, पाय वगळू नकोस, तोही माझाच आहे. मग माझ्या अटी सांगितल्या: कच्चा चित्रपट दाखवायचा, खाली मराठी अक्षरं द्यायची, बासरी नको, मजुरी ठरवून घेऊ. तो वहीत लिहून घेत होता. शेवटची अट सांगितली, की जिथे दाखवणार असशील ती जागा आधी स्वतः जाऊन बघ आणि पायऱ्या मोज.

परवा त्याचा फोन आला. ‘‘ताई, सभागृह बघितलं. चौदा आहेत, आणि मागच्या बाजूला रॅम्प आहे, पण त्याला कुलूप आहे. किल्ली कोणाकडे असते ते विचारत फिरतोय. हेपण शूट करू का?’’

कर म्हटलं.